डाव कुठे मांडून ठेवला आहे?

श्रोतेहो, आजचा विषय ऐकून काही जणांना वाटेल, हे काय नभोवाणीवर बोलण्यासारखे आहे? विषय आहे मोबाइलवरच्या खेळांचा, आणि त्यातही एकच खेळ दोन-तीन यंत्रांवर खेळण्याचा. म्हणजे असे पाहा, मुलगा सकाळी आईच्या फोनवर खेळतो, दुपारी मामाच्या फोनवर, रात्री थोरल्या भावाच्या टॅबवर. आणि डाव मात्र एकच, जिथे सोडला तिथून पुढे चालू. ज्या घरी मुले जास्त आणि फोन कमी, त्या घराला हा प्रकार पुरता ठाऊक आहे. याच्या उलटा प्रकारही ठाऊक आहे. नवा फोन आणला, हौसेने तोच खेळ त्यावर उतरवून घेतला, आणि पाहतो तो पाटी कोरी! दोन महिन्यांची कमाई गेली. पोर जेवायला उठत नाही. बाप म्हणतो, "खेळच तो, पुन्हा खेळ." पण पोराचा प्रश्न बापाच्या उत्तरापेक्षा शहाणा असतो. ते विचारते, "काल इथं होता, तो गेला कुठं?"

या प्रश्नाला सरळ उत्तर आहे, आणि ते घरातल्या मोठ्यांनीही समजून घ्यावे असे आहे. कारण खेळाच्या किल्लीला पुष्कळदा घराच्या दुसऱ्या किल्ल्याही अडकवलेल्या असतात.

पूर्वी टपालाने बुद्धिबळ खेळत असत. काही शौकीन अजूनही खेळतात. समजा, एक गडी नागपुरात आणि दुसरा साताऱ्यात. दोघांच्या घरी आपापला पट मांडलेला. एकाने चाल केली की ती कार्डावर लिहून पाठवायची. दुसऱ्याने ती आपल्या पटावर करून पाहायची, दोन दिवस डोके खाजवायचे, आणि उत्तराची चाल लिहून कार्ड पेटीत टाकायचे. असा एकेक डाव वर्ष-वर्ष चाले. आता मला सांगा, हा डाव होता कुठे? नागपूरच्या पटावर की साताऱ्याच्या? मांजराने साताऱ्याचा पट उधळला म्हणून काही डाव मोडत नसे. चालींची नोंद वहीत असे. ती वही घेऊन कोणत्याही पटावर, शेजाऱ्याच्या पटावरसुद्धा, सोंगट्या पुन्हा जागच्या जागी लावता येत. पट म्हणजे डाव नव्हे. नोंद म्हणजे डाव. एवढी एक गोष्ट ध्यानात ठेवली की मोबाइलच्या खेळाचे निम्मे गूढ उकलले.

मोबाइलवरचे पहिले खेळ असे नव्हते, बरं का. १९९७ साली नोकियाच्या फोनमध्ये सापाचा खेळ आला. पुढे २००३ मध्ये नोकियाचा ११०० हा स्वस्त आणि दणकट फोन निघाला आणि आपल्याकडे खेडोपाडी पोहोचला. त्यातही तो साप होताच. त्या सापाने किती खाल्ले याचा आकडा त्याच फोनच्या पोटात राहायचा. फोन विकला की आकडाही विकला गेला. त्याबद्दल कुणी रडल्याचे मी ऐकलेले नाही, कारण तो खेळ पाच मिनिटांचा. मरायचे आणि पुन्हा सुरू करायचे.

मग महिनोन्महिने चालणारे खेळ आले आणि नोंदीला किंमत आली. कँडी क्रश नावाचा गोळ्या जुळवण्याचा खेळ घ्या. तो २०१२ च्या एप्रिलमध्ये फेसबुकवर, संगणकासाठी आला, आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात आयफोनवर उतरला. दोन्हीकडे एकाच फेसबुक खात्याने प्रवेश केला की कचेरीतल्या संगणकावर सोडलेली पायरी घरी जाताना फोनवर पुढे चालवता येई. तो खेळ इतका पसरला त्याचे हेही एक कारण असावे, असे मला वाटते. माणसाच्या दिवसाचे तुकडे झालेले असतात. या खेळाने ते तुकडे एका धाग्यात ओवले. हे कौतुकाचे की काळजीचे, त्याकडे पुढे येतो.

आज नोंद ठेवण्याच्या तीन तऱ्हा दिसतात. काही साधे खेळ अजूनही सगळे फोनातच ठेवतात; ॲप काढून टाकले की नोंद संपली. अँड्रॉइड फोनला अशा गोष्टींची प्रत दूरच्या साठ्यात ठेवण्याची सोय २०१५ पासून आहे, पण प्रत्येक खेळ तिचा उपयोग करतोच असे नाही. दुसरे काही खेळ फोनात नोंद ठेवतात आणि तिची एक प्रत गूगलच्या किंवा ॲपलच्या खात्यात पाठवतात. तिसरी तऱ्हा सगळ्यांत मोठी. या खेळांत फोन हा नुसता पट आहे, आणि वही कंपनीच्या सर्व्हरवर, म्हणजे कुठल्या तरी दूरच्या गावच्या मोठ्या संगणकावर.

ही तिसरी तऱ्हा काय चीज आहे ते आपल्या देशातल्या कोट्यवधी मुलांनी एका दिवसात अनुभवले. पबजी मोबाइल हा खेळ २०१८ साली आला. २ सप्टेंबर २०२० रोजी भारत सरकारने ११८ ॲपांवर बंदी घातली, त्यांत तो होता. दुकानातून तो निघाला, तरी ज्यांच्या फोनात आधीच होता त्यांचा काही आठवडे चालत राहिला. मग ३० ऑक्टोबर २०२० ला भारतातल्या खेळाडूंसाठी सेवाच बंद झाली. फोन तोच, पडद्यावरचे चित्र तेच, चार्जिंग भरलेले. पण खेळ उघडेना. पट घरात होता, वही बंद झाली होती. पुढे जुलै २०२१ मध्ये बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया या नावाने तोच खेळ नव्या रूपात आला, आणि जुन्या वहीतला हिशेब नव्या वहीत नेण्याची सोय त्या वर्षापुरती देण्यात आली. ज्यांनी जुन्या खेळात आपले फेसबुक वगैरे खाते जोडलेले होते त्यांना ओळख पटवता आली. जे 'गेस्ट' म्हणून खेळत होते त्यांच्याकडे दाखवायला काहीच नव्हते.

हा 'गेस्ट' शब्द मुलांना रोज दिसतो. खेळ पहिल्यांदा उघडला की विचारतो: खाते जोडता, की पाहुणे म्हणून खेळता? पोर घाईत असते, ते पाहुणे होते. आता धर्मशाळेत नाव न लिहिता उतरलेल्या माणसाचे गाठोडे हरवले तर व्यवस्थापक काय करणार? खेळ त्या पाहुण्याला फक्त त्या फोनावरून ओळखतो. फोन बिघडला, विकला, ॲप चुकून पुसले गेले, की ओळख गेली. वहीत नोंद कदाचित असेलही, पण ती आपली आहे हे सांगणार कसे? म्हणून मुलाची दोन महिन्यांची कमाई जाते ती नव्या फोनामुळे नव्हे, तर पहिल्या दिवशी वहीवर नाव न घातल्यामुळे. आणि नाव घालण्याची वेळ जुना फोन चालू आहे तोवरच असते. बहुतेक खेळांच्या सेटिंगमध्ये खाते जोडण्याची जागा असते. नवा फोन आणायच्या आधी तिथे जायचे, नंतर नव्हे.

खाते जोडले आणि दोन फोनांवर एकदम खेळ उघडला, तर? सर्व्हरवर चालणाऱ्या खेळांत दुसरा फोन आत आला की पहिला बहुधा बाहेर पडतो. क्लॅश ऑफ क्लॅन्स म्हणून एक खेळ आहे. त्यात खेळाडूने वसवलेल्या वसाहतीला गावच म्हणतात, आणि तुमच्या या गावाशी दुसरे यंत्र जोडले जात आहे, अशी सूचना पहिल्या फोनवर येते. एका गावाला एका वेळी एकच पाटील! दोन भावांत यावरून हाणामाऱ्या होतात, पण डाव बिघडत नाही.

खरा घोळ दुसऱ्या तऱ्हेच्या खेळांत होतो. फोनला रेंज नसताना मुलगी आईच्या फोनवर पाच पायऱ्या पुढे जाते. दुसऱ्या दिवशी टॅबवर जुन्या पायरीपासून खेळते. आणि मग दोन्ही यंत्रांना रेंज मिळते. आता नोंदी दोन झाल्या, खरी कोणती? काही खेळ स्वतःच ठरवतात. काही विचारतात, या यंत्रावरची ठेवू की साठ्यातली? या जागी मुले न वाचता बोट दाबतात आणि पुढे गेलेला डाव मागच्या डावाने पुसला जातो. तिथे पायरीचा आकडा किंवा तारीख दाखवलेली असते, ती वाचून मगच बोट लावायचे. आणि डोंगरातल्या, रेंज येते-जाते अशा गावात यंत्र बदलण्यापूर्वी एकदा नेट लावून खेळ उघडायचा, म्हणजे नोंद पोहोचते.

आता किल्लीकडे वळू. खेळाला जोडलेले खाते कुणाचे असते? शंभरांतून एखाद्या घरीच ते मुलाचे असते. ते असते वडिलांचे गूगल खाते, ज्यात त्यांची पत्रे, फोटो, सगळ्या नातेवाइकांचे नंबर. मग पोर मित्राच्या फोनवर डाव पुढे चालवायला जाते आणि तिथे वडिलांचे खाते, पासवर्डासकट, घालून येते. खेळ सुरू होतो. पण खेळाबरोबर पत्रे आणि नंबरही त्या फोनात येऊन बसतात. यूपीआय सिमकार्डाशी बांधलेले असते, त्यामुळे नुसत्या गूगल खात्याने तिकडे बँक उघडत नाही, हे खरे. पण प्ले स्टोअरवर पैसे देण्याची पद्धत जतन केलेली असेल तर खेळातली खरेदी होऊ शकते. मित्र वाईट असतो असे नाही. त्या फोनला हात लावणारे दहा जण कोण, ते आपल्याला माहीत नसते. वडिलांनी आपल्या फोनवर गूगल खात्याच्या सुरक्षा या भागात जाऊन पाहावे: खाते कोणकोणत्या यंत्रांवर उघडे आहे त्यांची यादी तिथे मिळते, आणि अनोळखी यंत्रावरून ते तिथूनच बाहेर काढता येते. आज ही यादी उघडणाऱ्या पुष्कळ घरांना एक तरी नवल दिसेल.

काही खेळ मोबाइल नंबरावर चालतात. नंबर घाला, आलेला ओटीपी टाका, झाले. आपल्याकडे सिमकार्ड बदलण्याची सवय फार. रिचार्ज न केलेला नंबर काही काळाने बंद होतो आणि पुढे दुसऱ्या कुणाला दिला जातो. मग त्या खेळाची किल्ली त्या परक्याच्या खिशात. खेळाचे सोडा, त्याच नंबरावर आणखी काय काय जोडलेले आहे?

आणि जुना फोन विकताना खेळाचे चित्र पुसून भागत नाही. आधी फोनातून खाते काढावे, मग फोन मूळ स्थितीला न्यावा. क्रम उलटा झाला तर घेणाऱ्याला तो फोन जुने खाते विचारत राहतो, आणि घेणारा आपल्याला.

शिक्षकांना एक सुचवावेसे वाटते. मुलाला सर्व्हर म्हणजे काय हे पाठ्यपुस्तकातून समजायला तास लागतो; "तुझा डाव मामाच्या फोनवर कसा दिसला?" असे विचारले तर ते स्वतःच निम्मे सांगते. मग त्याला विचारावे, डिजिलॉकरमधली तुझ्या ताईची गुणपत्रिका फोन फुटला तर फुटेल काय? २०१५ पासून चालू असलेल्या त्या सोयीचे आणि त्याच्या खेळाचे मर्म एकच आहे.

मघाशी काळजीचे म्हणालो ते आता सांगतो. डाव एका फोनात होता तेव्हा बापाने फोन खिशात घातला की खेळ संपत असे. बॅटरी उतरली तरी संपत असे. आता फोन काढून घेतला तर पोर आजीच्या फोनवर तिथूनच पुढे जाते, कारण खेळ फोनात नाहीच. शिवाय खेळही रोजच्या हजेरीला बक्षीस देऊन बोलावतच असतो. म्हणून बंधन फोनाला घालून उपयोग नाही, ते वेळेला घालावे लागते. आणि ते घरातल्या सगळ्या फोनवाल्यांनी मिळून पाळावे लागते. आई नाही म्हणते आणि काका हो म्हणतो, या घरात कुठलेच कुलूप चालणार नाही. मुलाचे वेगळे खाते करून पालकांनी ते आपल्या देखरेखीखाली जोडण्याची सोय गूगल आणि ॲपल दोघांकडे आहे. तिने खेळाची वही मुलाच्या नावावर होते आणि वडिलांची पत्रे वडिलांकडे राहतात.

शेवटी एका घराची गोष्ट बोलली पाहिजे. बीडकडची ऊसतोड मंडळी दिवाळीच्या सुमारास कोल्हापूर-सांगलीच्या कारखान्यांवर निघतात. पुष्कळदा घरातला एकच चांगला फोन बापाबरोबर जातो, आणि पोर आजीकडे राहते. त्या पोराचा डावही सहा महिने फडावर जातो. वेगळे खाते केलेले असेल, तर तेच खाते आत्याच्या फोनवर तासभर उघडून त्याला आपला डाव तिथून पुढे नेता येईल, आणि बापाला फडावर बसून त्याची पायरी पाहता येईल. खात्याचे नाव आणि पासवर्ड मात्र कागदावर लिहून आजीच्या ट्रंकेत ठेवावा; फोनात लिहून ठेवला तर तो कागदही फोनाबरोबर उसाला जातो.