राईचा संसार

जय जय रघुवीर समर्थ!

सज्जनहो, आज तुम्ही जांबेत आलात. समर्थांच्या जन्मघराच्या उंबऱ्याला डोकं टेकलंत. उन्हातनं आलात, दमला असाल. पाय मोकळे सोडून बसा आणि एक गाव मनात आणा.

त्या गावात कोणी बोलत नाही. पाटील नाही, कोतवाल नाही, तंटा नाही. उंच असतो तो ऊन अंगावर घेतो, धाकट्याला सावली देतो. पाऊस आला तर सगळे मिळून झेलतात, पाचोळ्याखाली मुरवतात आणि झऱ्याला बेताबेतानं सोडतात. म्हातारा पडला तर तोच लहानांचं खत होतो. तिथं घड्याळ नाही, पंचांग नाही. तरी शिमग्याला पळस फुलायचा राहत नाही आणि चैत्रात पालवी यायची राहत नाही. वेळूचं तर नवलच! कित्येक दशकं फुलत नाही. मग वेळ आली की सगळं बेट एकदम फुलतं, बी टाकतं आणि वाळून जातं. पुढच्यांना जागा मोकळी!

तुम्ही म्हणाल, बुवा, हे गाव कल्पनेतलं दिसतंय. नाही हो! आपल्या वाडवडिलांनी त्याला नाव दिलंय, देवराई.

सह्याद्रीत अशा राया अजून आहेत. तिथला कायदा एका ओळीचा: देवाच्या रानातली वाळकी काडीसुद्धा घरी न्यायची नाही. आपण शिकलेली माणसं हसलो, म्हणालो ही भोळी भीती. पण 1970च्या दशकात माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक हे दोन शास्त्रज्ञ या राया बघत हिंडले. श्रीवर्धन तालुक्यात गाणी नावाचं गाव आहे. तिथली राई तुटायची वेळ आली होती आणि गावकरी तिच्यासाठी उभे राहिले. का? भोवतीचं रान गेलं तसं पाणीही गेलं होतं. राईतला झरा तेवढा उरला होता. देवाला भिऊन राखलेली झाडं माणसाच्या घशाला पाणी देत होती! मग भोळं कोण, सांगा.

या संसारात क्षुल्लक कोणी नाही. उंबर फोडला की आत चिलटाएवढे जीव दिसतात, आपण नाक मुरडतो. पण त्या जीवावाचून उंबराला बी धरत नाही आणि उंबरावाचून त्या जीवाचा वंश चालत नाही. वडाचं फळ पाखरू खातं आणि बी लांब नेऊन टाकतं. वडाची पारंबी जमिनीला टेकली की तिचं खोड होतं. मूळचं खोड कुठलं, तुम्ही ओळखूच शकत नाही. ‘मी’ गेला आणि ‘आम्ही’ उरलो. अहो, परमार्थ याहून वेगळा काय असतो?

आता आपल्या नारायणाकडे या. 1608 साली, रामनवमीला, सूर्याजीपंत ठोसरांच्या घरी जन्मला. बाराव्या वर्षी बोहल्यावर उभा होता. भटजी ‘सावधान’ म्हणाले आणि पोरगं खरोखर सावध झालं. पळालं ते कुठं? नाशकाला, पंचवटीला. नावातच पाच वड! जवळच टाकळीला 12 वर्षं तप केलं, पुढं 12 वर्षं देश पाहिला. राणूबाई 24 वर्षं वाट बघत राहिली. वाट बघता बघता तिची दृष्टी गेली, असं परंपरा सांगते. राईचा काळ असाच असतो, आईच्या वाट बघण्यासारखा. घाई नाही, पण विसरही नाही. आणि त्याच समर्थांनी पुढं ‘बाग प्रकरण’ लिहिलं, झाडाझुडपांची नावं एकामागून एक मांडली. संन्याशाला झाडांची नावं कशाला हवीत? ज्याला विश्वाची चिंता, त्याला झाडाची चिंता नको का?

आता माझं सांगतो. देवाच्या दारात खोटं कशाला बोलू? आमच्या विहिरीवर आजोबांनी लावलेला लिंब होता. बहिणीच्या लग्नात पैसे कमी पडले, मी तो विकला. मांडवात ‘सावधान’ म्हटलं गेलं. मीच अंतरपाट धरून उभा होतो, पण ऐकलं नाही. 2012-13चा दुष्काळ तुम्हाला आठवत असेल. आपल्या जालन्यात मोसंबीच्या बागा उभ्या वाळल्या. लोकांनी टँकरनं पाणी घातलं आणि शेवटी कुऱ्हाड लावली. त्या साली आमची विहीरही आटली. एका लिंबानं ती भरली असती असं मी म्हणणार नाही. पण माझी माय भर उन्हात तळातलं पाणी शेंदत उभी राहायची आणि तिच्या डोक्यावर सावली नव्हती. ती मला कधी बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

म्हणून आज हात जोडून मागतो. नारळ-पेढे घरी न्याल, तसा एक संकल्प न्या. एकट्यानं झाड लावू नका, एकट्याचं झाड वाळतं. पाच घरं एक व्हा. ओढ्याकाठी किंवा देवळामागं वड, पिंपळ, बेल, आवळा, अशोक अशी पंचवटी लावा. पूजेची पाळी असते तशी पाण्याची पाळी लावा, निदान तीन उन्हाळे. आणि पहिल्या दिवशीच ठरवा: इथली वाळकी काडीसुद्धा न्यायची नाही.

तिची दाट सावली कदाचित तुम्हाला मिळणार नाही. मिळेल ती न जन्मलेल्या कुणाला तरी. मी गेल्या श्रावणात विहिरीवर लिंब लावलाय. माय आता नाही. पण रोज तांब्याभर पाणी घालताना तिचीच पाळी चालवतो असं वाटतं.

सावधान! बोला, जय जय रघुवीर समर्थ!