अपंग पाखराची वाढलेली चोच

बाजारात लव्हबर्ड म्हणून विकल्या जाणाऱ्या बजरीगरची वरची चोच वाढून छातीला टेकू लागली, की घरात कुणीतरी नेलकटर शोधायला उठतं. ते नेलकटर कृपा करून परत ठेवा. चोचीवरचं कवच नखाच्याच केराटिनचं असलं, तरी आत हाड असतं, रक्तवाहिन्या आणि मज्जातंतूही असतात. काप जरा खोल गेला की रक्त वाहतं, आणि या पाखराचं वजनच असतं 30-40 ग्रॅम. शिवाय पक्ष्यांना आपल्यासारखं श्वासपटल नसतं. श्वास घेताना त्यांची छाती हलावीच लागते. मुठीत ती आवळली गेली तर पाखरू गुदमरतं.

चोच जन्मभर वाढते आणि लाकूड कुरतडताना, दोन्ही भाग एकमेकांवर घासताना झिजतही राहते. वाढ बेसुमार झाली तर कारण शोधायला हवं. नुसत्या राळ्या-बाजरीवर पोसलेल्या पक्ष्याच्या यकृतात चरबी साठते. मग चोच वाढते, तिच्यावर काळपट डाग दिसतात. चोचीच्या मुळाशी बारीक छिद्रांची पांढरट खपली असेल, तर खरजेचे किडे असण्याची शक्यता मोठी. अशा वेळी नुसतं टोक कापून काही होत नाही, औषध लागतं.

काहींची चोच मुळातच तिरपी असते. काहींचे पाय फाकलेले, त्यामुळे लाकूड धरून कुरतडणं जमत नाही. अशांची चोच पक्ष्यांच्या डॉक्टरांकडून ठरावीक काळाने घासून घ्यावीच लागते. मधल्या काळात दाणे उथळ, पसरट वाटीत द्या. मऊ शिजवलेला भात, किसलेलं गाजर, बारीक चिरलेली कोथिंबीर द्या. दांड्या खाली, जाड आणि खडबडीत ठेवा. समुद्रफेन (कटलबोन) पिंजऱ्याच्या जाळीला चोच पोहोचेल इतकं खाली बांधा. रोज सकाळी, खाण्याआधी, डिजिटल काट्यावर वजन करून वहीत लिहा. पिसं फुगलेली असली की अशक्तपणा डोळ्यांना दिसत नाही.

सांभाळणं जमत नाही म्हणून असं पाखरू उडवून देणं मला निर्दयपणाचं वाटतं. मूळच्या ऑस्ट्रेलियातल्या, पिंजऱ्यात वाढलेल्या या जिवाला बाहेर चारा सापडत नाही.

चोचीतून रक्त आलं तर नाकपुड्या टाळून, चिमूटभर कॉर्नफ्लोअर हलकेच दाबून धरा आणि लगेच दवाखाना गाठा. पाखराने खाणं सोडलं असेल, तर उद्यावर ढकलू नका, त्याच दिवशी न्या.