कुऱ्हाडीचा दांडा



ह्या व्यासपीठावर विद्वान वक्ते येतात. त्यांची व्याख्याने मागच्या रांगेत बसून ऐकत मी पुष्कळ शिकलो. माझे शाळेतले शिक्षण थोडे. पुढचे जे काही झाले ते रात्रशाळेत, कामगार संघाच्या कचेरीतल्या पुस्तकांच्या कपाटाशी, आणि असल्याच मांडवांत. म्हणून अरण्यांचे रक्षण करणाऱ्या कार्यकर्त्यांविषयी बोला असे चालकांनी सांगितले, तेव्हा मी त्यांना म्हटले, ‘अहो, मी कारखान्याच्या दारात घोषणा देणारा माणूस. झाडांतले मला काय कळते?’ ते म्हणाले, ‘झाडांतले नको, माणसांतले सांगा.’ तेवढे मला जमण्यासारखे आहे असे वाटले, म्हणून आलो.

आपल्याकडे एक म्हण आहे: कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ. लोखंडाचे पाते एकटे झाडाचे काही करू शकत नाही. त्याला लाकडाचा दांडा मिळाला म्हणजे मग रान पडते. ही म्हण मी लहानपणापासून ऐकत आलो; परंतु तिचा अर्थ मला कळला तो पन्नाशी जवळ आल्यावर, आणि तोही लाज वाटावी अशा रीतीने.

मी ज्या भागात काम करीत होतो तेथील एका कारखान्याला आपला विस्तार करावयाचा होता. पाठीमागे एक टेकडी होती. खैर, पळस, करवंदीच्या जाळ्या, आणि पायथ्याशी उन्हाळ्यातही न आटणारा झरा. टेकडीपलीकडच्या वाडीतल्या सात-आठ बाया एके दिवशी संघाच्या कचेरीत आल्या आणि म्हणाल्या, ‘भाऊ, तुम्ही सांगितलं तर मालक ऐकतील.’ मी त्यांना खुर्च्या दिल्या, चहा दिला, आणि उत्तर दिले, ‘ताई, मी झाडे पाहू की चारशे घरांच्या चुली पाहू?’ त्यांतली एक म्हातारी उठता उठता म्हणाली, ‘पर भाऊ, कुऱ्हाड कुणाच्या हातात असंल? तुमच्याच पोरांच्या ना?’ मी हसून वेळ मारून नेली.

टेकडी गेली. झरा गेला. नवे खाते उभे राहिले, आणि त्यात घेतलेली माणसे एकूण एक कंत्राटी! कायम नोकरीचे जे आश्वासन मी चुलींच्या नावाने पुढे केले होते, ते कागदावर कधी उतरलेच नाही. म्हणजे झाडेही गेली आणि चुलीही पेटल्या नाहीत. तेव्हापासून त्या म्हातारीचा प्रश्न माझ्या मनात सलत राहिला, आणि त्याचे उत्तर कोठे कोणी दिले आहे काय, हे मी शोधू लागलो.

पहिले उत्तर आपल्याच देशात मिळाले. चिपको आंदोलनाचे नाव आपण सर्वांनी ऐकले आहे. २६ मार्च १९७४ रोजी हिमालयातील चमोली जिल्ह्यातल्या रेणी गावात पुरुषमंडळी गावाबाहेर गेलेली असताना तोडीची टोळी रानाकडे निघाली, आणि गौरादेवी व त्यांच्याबरोबरच्या सत्तावीस बायांनी तिला अडविले, हेही आपल्याला ठाऊक आहे. परंतु ती टोळी कोणाची होती? ठेकेदाराने रोजाने आणलेल्या गरीब मजुरांची. गौरादेवींनी त्यांना शत्रू म्हटले नाही, भाऊ म्हटले. हे रान आमचे माहेर आहे, ते तोडलेत तर डोंगर आमच्या घरांवर कोसळेल, असे त्यांना समजावले. मजूर परत फिरले. पुढे सरकारने चौकशी समिती नेमली आणि त्या पाणलोटात तोडीला दहा वर्षांची बंदी आली. आपण बायांच्या धैर्याचे गुण गातो, आणि ते योग्यच आहे. परंतु दांड्याने ऐकले, ही गोष्टही तितकीच मोठी आहे.

दुसरे उत्तर सिडनी शहरातले आहे, आणि ते तर थेट कामगार संघाचेच आहे. १९७० साली तेथील हंटर्स हिल नावाच्या उपनगरात, पॅरामाटा नदीच्या काठी, सुमारे पाच हेक्टर मूळचे रान शिल्लक होते. त्याला केलीज् बुश म्हणत. एका मोठ्या बांधकाम कंपनीला तेथे श्रीमंतांसाठी घरे बांधावयाची होती. तेथल्या तेरा गृहिणींनी मंडळ काढले. त्या नगरपालिकेकडे गेल्या, मंत्र्यांकडे गेल्या. सगळीकडे दारे बंद झाली. शेवटी त्या बांधकाम मजुरांच्या संघाकडे गेल्या. जॅक मंडी हे त्या संघाचे न्यू साउथ वेल्स राज्यशाखेचे चिटणीस. संघात वाद झाला. हंटर्स हिल ही सुखवस्तूंची वस्ती. त्यांच्या बंगल्यांसमोरची झाडे राखण्यासाठी मजुरांनी आपली रोजी का सोडावी? प्रश्न रास्त होता.

मंडींनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काय केले पाहा. त्यांनी एकदम हो म्हटले नाही आणि माझ्यासारखे चहा पाजून वाटेलाही लावले नाही. त्यांनी त्या बायांना सांगितले, तुम्ही जाहीर सभा बोलवा. लोकांची इच्छा खरोखर काय आहे ते दिसू द्या. सभेला सुमारे सहाशे माणसे आली आणि त्यांनी संघाला विनंती केली. जून १९७१ मध्ये संघाने जाहीर केले की ह्या जागेवर आमचा माणूस काम करणार नाही. कंपनीने बिगरसंघीय मजूर आणण्याची भाषा केली, तेव्हा उत्तर सिडनीत त्याच कंपनीची एक इमारत बांधणाऱ्या मजुरांनी निरोप धाडला: तेथे एका झाडाला हात लागला, तर ही अर्धवट इमारत तशीच अर्धवट राहील, त्या रानाचे स्मारक म्हणून! कंपनी थांबली. १९८३ साली राज्य सरकारने ती जागा विकत घेऊन लोकांसाठी राखली, आणि ते रान आजही उभे आहे.

संपात कामगार जी बंदी घालीत तिला तिकडे ‘काळी बंदी’ म्हणत. मंडींनी हिला ‘हिरवी बंदी’ असे नाव दिले. १९७१ ते १९७४ ह्या काळात त्या संघाने अशा चाळीसहून अधिक बंद्या घातल्या. सिडनीतल्या उद्यानातली जुनी झाडे वाचली, क्रीडांगणासाठी जाणारे सेंटेनिअल पार्क वाचले, गरिबांच्या जुन्या वस्त्या वाचल्या. प्रत्येक वेळी अट एकच: आधी तिथल्या लोकांनी मागणी केली पाहिजे. आणि मंडींचे म्हणणे असे नव्हते की बांधकाम नको. इस्पितळे बांधू, शाळा बांधू, कामगारांची घरे बांधू. परंतु आपल्या हातांनी काय बांधावयाचे ह्यात त्या हातांच्या मालकालाही मत असले पाहिजे, एवढेच ते म्हणत.

हे त्या संघाला कसे शक्य झाले? मी पदाधिकारी आहे म्हणून मुद्दाम सांगतो. तेथे पदाधिकाऱ्याचा पगार मजुराच्या मजुरीइतकाच असे, आणि पदाची मुदत ठरलेली असे. मुदत संपताच १९७३ साली मंडींनी चिटणीसपद सोडले आणि ते पुन्हा मजुरी करू लागले. अशा माणसाने ‘थोडी झळ सोसू या’ म्हटले, तर मजूर ऐकतात. आमच्यापैकी किती जणांचे ऐकतील, हा हिशोब मी माझ्यापुरता केला आहे. तो येथे सांगत नाही.

ह्याची किंमतही द्यावी लागली. १९७५ साली त्याच संघाच्या मध्यवर्ती नेत्यांनी, मालकांच्या पाठबळाने, राज्यशाखा ताब्यात घेतली आणि मंडी व त्यांच्या सोबत्यांना संघातून काढून टाकले. मंडी २०२० साली वारले, तेव्हा त्यांनी वाचविलेले शहर त्यांना आपला उपकारकर्ता म्हणत होते. परंतु मधली वर्षे त्यांना कोणी भरून दिली नाहीत.

सिडनीच्या मजुराची रोजी बांधण्यात होती, आणि त्याने ती बाजूला ठेवली. आता तिसरी गोष्ट सांगतो ती अशा माणसांची की ज्यांची रोजी उभ्या रानातच होती.

ब्राझीलच्या पश्चिम टोकाला आक्रे नावाचे राज्य आहे. अमेझॉनच्या त्या अरण्यात रबराची झाडे आपोआप उगवलेली, एकमेकांपासून दूर दूर. चीक काढणारा मजूर पहाटे अंधारात निघतो, झाडामागून झाड गाठतो, सालीवर तिरपी चीर देतो, खाली वाटी लावतो, आणि पुन्हा त्याच वाटेने फिरून चीक गोळा करतो. पावसाळ्यात ब्राझील नट वेचतो. झाड मेले तर धंदा मेला. म्हणजे अरण्य हाच त्याचा कारखाना! परंतु ह्या कारखान्यालाही मालक होताच. मजुराने चीक त्यालाच विकावयाचा, आणि मीठ-कापड त्याच्याच दुकानातून घ्यावयाचे. भाव दोन्हीकडचा मालकाचा, आणि हिशोबाची वहीही मालकाची. म्हणून त्या रानात शाळा काढू देत नसत. मजुराला वाचता आले तर वहीही वाचता येईल!

ह्या मजुरांत १५ डिसेंबर १९४४ रोजी चिको मेंडिस जन्मला. नऊ-दहा वर्षांचा असल्यापासून तो चीक काढू लागला. अठराव्या वर्षाच्या सुमारास त्याला एक गुरू भेटला: सरकारला चुकवून रानात लपून राहिलेला एक जुना राजकीय कार्यकर्ता, एउक्लिदेस ताव्होरा. शनिवार-रविवारी रान तुडवीत चिको त्याच्या खोपटात जाई आणि जुन्या वर्तमानपत्रांवरून अक्षरे शिके. रात्री दोघे रेडिओवर परदेशच्या बातम्या ऐकत. तुमच्या भागात कामगार संघ निघाला की त्यात शीर, हा त्या गुरूचा उपदेश. रात्रशाळेच्या बाकावर बसलेल्या कोणालाही हे वाचून गहिवर येईल.

१९७० नंतर दक्षिणेकडचे धनिक सरकारी सवलती घेऊन आक्रेत उतरले आणि गुरांच्या कुरणांसाठी रान जाळू लागले. १९७५ साली ब्रासिलेया गावी ग्रामीण मजुरांचा संघ निघाला आणि चिको त्याचा चिटणीस झाला. ह्या संघाने लढ्याची जी तऱ्हा काढली तिला ‘एम्पाते’ म्हणत. डावाची कोंडी असा त्याचा अर्थ. तोड कोठे चालू आहे हे कळले की बायका-मुलांसह शंभर-दोनशे माणसे चालत जात, करवतीसमोर उभी राहत, आणि तोडणाऱ्या मजुरांशी बोलत: अरे, तूही आमच्यासारखाच कुळाबाहेर फेकलेला माणूस, उद्या तू कोठे जाशील? पुष्कळदा ते मजूर करवत खाली ठेवीत. मग त्यांची छावणी मोडून सगळे परत येत. येथेही पुन्हा दांड्याशीच बोलणे आहे, हे आपल्या ध्यानात आले असेल.

चिकोने ह्या लढ्यांचा हिशोब मांडला होता. पंचेचाळीस एम्पाते, त्यांत तीस हरलो, पंधरा जिंकलो. संघटनेत आयुष्य काढणाऱ्या माणसाला हे आकडे खरे वाटतात. सगळेच जिंकलो असे तो म्हणता तर मी विश्वास ठेवला नसता.

१९८५ साली ब्राझीलियात चीक काढणाऱ्यांची पहिली राष्ट्रीय परिषद भरली. सरकार फार तर लहान लहान तुकडे वाटील. परंतु एका कुटुंबाच्या रबराच्या वाटा ३०० हेक्टर किंवा त्याहूनही अधिक रानातून फिरतात. तेव्हा त्यांनी निराळीच मागणी केली: जमीन राष्ट्राची राहो, ती कोणालाच विकता येऊ नये, आणि रान न मारता त्यावर जगण्याचा हक्क तिथल्या लोकांना मिळो. ही योजना कोणा पंडिताच्या टेबलावर जन्मली नाही. मजुरांच्या सभेत जन्मली. १९८७ साली संयुक्त राष्ट्रांनी चिकोचा गौरव केला. त्याच्या गावात मात्र त्याला मारण्याच्या धमक्या येत होत्या. संघाचे ब्रासिलेयाचे अध्यक्ष विल्सन पिन्हेइरो ह्यांना १९८० सालीच संघाच्या कचेरीत गोळ्या घातल्या होत्या. २२ डिसेंबर १९८८ च्या संध्याकाळी, शापुरी गावात, रक्षणाला दिलेले पोलीस घरात बसलेले असताना चिको अंघोळीसाठी मागचे दार उघडून बाहेर पडला, आणि दबा धरून बसलेल्याने त्याला गोळी घातली. वय चव्वेचाळीस वर्षे आणि एक आठवडा. एका कुरणमालकाला आणि त्याच्या मुलाला १९९० साली त्याबद्दल शिक्षा झाली. त्याच वर्षी मार्चमध्ये, मजुरांनी मागितला होता तसाच, सुमारे साडेनऊ लाख हेक्टरांहून मोठा प्रदेश त्याच्या नावाने राखला गेला. रबराचा भाव उतरल्यामुळे तेथेही पुढे गुरे शिरली आणि काही रान गेले, हेही सांगितले पाहिजे. उभ्या झाडाला बाजारात भाव मिळाला नाही, तर नुसत्या कायद्याने ते उभे राहत नाही.

आपल्या गडचिरोलीतही ह्याचा प्रत्यय येतो. मेंढा-लेखा गावाला २००९ साली सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला, आणि २०११ साली तेथील ग्रामसभा आपला बांबू स्वतः विकू लागली. ज्या रानातून गावाची मजुरी निघते, त्या रानाला राखणदार नेमावा लागत नाही.

तात्पर्य काय? ‘झाडे की चुली’ हा प्रश्न ज्याने विचारला, त्याचे बहुधा दोहोंकडे लक्ष नसते. मी तो विचारला तेव्हा माझेही नव्हते. टेकडी वाचवा म्हणणाऱ्यांनी आधी विचारावे, येथे तोडावयास कोण येणार आहे, आणि त्याच्या घरी आज काय शिजणार आहे? त्याला मूर्ख म्हणू नये, भाऊ म्हणावे; गौरादेवींनी म्हटले तसे. आणि आम्ही संघवाल्यांनी, कोणी दारात आले तर निदान एवढे सांगावे: सभा बोलवा, आम्ही येतो.

त्या वाडीत मी नंतर गेलो. ती म्हातारी राहिली नव्हती. तिची सून टँकरच्या रांगेत हंडा घेऊन उभी होती. तिने मला ओळखले आणि ‘बसा भाऊ’ म्हणाली. मी बसलो नाही. हंडा उचलू लागलो, तेवढेच.

दांडा लाकडाचाच असतो, बंधूंनो. आपण कोणत्या झाडाचे, एवढे त्याने विसरू नये.