पारवा, होला आणि हरोळी : नावात गल्लत नको



बोलण्यात आपण कबुतराला फार गरीब करून ठेवलं आहे. शांतीचं पाखरू म्हणून पुढारी ते हवेत सोडतात. दोघांच्या चिठ्ठ्या इकडून तिकडे पोचवणाऱ्या पोराला गल्लीत 'कबूतर' म्हणतात. मुंबईत एका खोलीत दहा माणसं राहिली की 'काय हा कबुतरखाना' असं म्हणायची रीत आहे. पंजाबात मात्र कबूतरबाजी म्हणजे निराळाच धंदा. गाण्याबजावण्याच्या ताफ्यात घालून माणूस परदेशी न्यायचा आणि परत न आणता तिथंच सोडून द्यायचा. त्यापायी जमिनी विकून बसलेली कुटुंबं तिकडं आहेत. असो, तो आजचा विषय नव्हे.

शिवारात 'कबुतरं बसली' एवढ्यानं काम भागत नाही. पाखरू कोणतं हे आधी पाहिलं पाहिजे. कारण दाणा खातं एक आणि मार खातं दुसरं, असं बऱ्याच गावांत चाललेलं असतं.

खरा दाणेखाऊ तो पारवा. निळसर राखी अंग, पंखावर दोन काळे पट्टे, मानेवर हिरवी-जांभळी चमक. त्याच्या अंगावरूनच आपण कापडाला 'पारवा रंग' म्हणतो. मूळचा हा कडेकपारीचा पक्षी. आता विहिरीच्या कपारी, देवळाचं शिखर, जुना वाडा, गोदामाचे वासे, जागा मिळेल तिथं राहतो. दर खेपेला दोन अंडी, साधारण अठरा दिवसांत पिल्लं, महिनाभरात पिल्लं उडाली की जोडी पुन्हा अंड्यावर. मग थवे वाढणार नाहीत तर काय? शेपटीचा पंखा करणारा लक्का, जमिनीवर लोळण घेणारा लोटण, उंच उडणारा गिरेबाज, ही सगळी पाळीव कबुतरं याच पारव्याच्या वंशातली. टपालाची कबुतरंही तीच. १९८२ च्या महापुरात ओरिसात बांकी गावाचा संपर्क तुटला, तेव्हा पोलिसांचे निरोप या कबुतरांनी नेले होते.

होला पारव्याहून लहान, तपकिरी किंवा फिकट राखी, बहुधा जोडीनं फिरणारा. बांधावर पडलेले दाणे आणि तणाचं बी वेचतो. त्याचं नुकसान फार मनावर घेऊ नये. हरोळी, जिला हरियालही म्हणतात, ती तर आपल्या महाराष्ट्राचा राज्यपक्षी. हिरवट-पिवळं अंग, पिवळे पाय. ती वड, पिंपळ, उंबराची फळं खाते. पेरणीच्या रानाशी तिचा काही संबंध नाही, तरी गलोलीचा खडा तिलाच बसतो.

आता पारव्याचा बंदोबस्त. एक गोष्ट ध्यानात घ्या. पारवा कोंबडीसारखा पायानं माती उकरत नाही. वर दिसेल तो दाणा चोचीनं उचलतो. म्हणून पेरणीमागे लगेच रासणी घालून किंवा फळी फिरवून बी नीट झाकलं, तर निम्मं काम तिथंच झालं. तिफण जिथं वळते तिथं बी उघडं सांडतं आणि थवा पहिल्यांदा तिथंच उतरतो. तेवढं हातानं मातीआड करा. पोरासोरांनाही हे काम जमतं.

दुसरा धोका उगवणीचा. सोयाबीन, मूग उगवताना बीजदलं, म्हणजे त्या दोन जाड पाकळ्या, जमिनीच्या वर येतात. त्यांत रोपाची शिदोरी असते. पारव्यानं त्या खुडल्या की रोप बसतं. तूर, हरभऱ्याची बीजदलं मातीतच राहतात, म्हणून तिथं हे नुकसान कमी. गंमत अशी की तुरीला इंग्रजीत 'पिजन पी', म्हणजे कबुतराचा वाटाणा म्हणतात. तेव्हा सोयाबीनला कोंब दिसल्यापासून आठ-दहा दिवस सकाळी आणि दुपारनंतर राखण ठेवा. चकाकती फीत पिळा देऊन पिकाच्या हातभर वर ताणली, तर थवा बुजतो. पण पाखरं हुशार, थोड्या दिवसांत सरावतात. बुजगावण्याची जागा दर तीन-चार दिवसांनी बदला. महिनाभर एकाच जागी उभं असलेलं बुजगावणं पारव्यांना बसायलाच बरं पडतं.

काही जण रागानं औषधात भिजवलेले दाणे बांधावर टाकतात. हे मुळीच करू नका. पारव्याच्या थव्यातले दोन-चार मरतात, पण त्याबरोबर होला मरतो, मोर मरतो, शेजारणीच्या कोंबड्या मरतात, आणि मेलेलं पाखरू खाऊन कुत्रंही जातं. तोच दाणा पावसानं वाहून विहिरीत गेला तर घरावरच बेतेल. शिवाय १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं हरोळी आणि होल्याला संरक्षण आहे, मोराला तर फारच कडक. तुरुंगाची पाळी येते.

शेवटी कणगी आणि कोठीबद्दल. वाशावर पारवे असतील, तर खाल्लेल्या दाण्यापेक्षा विष्ठेनं नासलेला दाणा जास्त निघतो. ती विष्ठा वाळली की धूळ होते. रोज नाकात गेली तर काहींची फुप्फुसं निबर होतात, कोरडा खोकला आणि दम लागतो. याच कारणावरून २०२५ साली मुंबईत दादरचा कबुतरखाना ताडपत्रीनं झाकला आणि वाद न्यायालयात गेला. वाळलेली विष्ठा कोरडी झाडू नका. आधी पाणी शिंपडा, नाकातोंडाला फडकं बांधा, मग खरडून काढा. झरोक्यांना इंचभर भोकाची तारजाळी ठोका, पण आत पिल्लं नाहीत ना हे पाहूनच. घरात कुणाला असा खोकला महिनाभर राहिला, तर डॉक्टरांना 'आमच्या घरात पारवे आहेत' हे आपणहून सांगा. ते विचारतीलच असं नाही.