शिवेपलीकडची वहिवाट



कायदा म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे कचेरी उभी राहते, कचेरीमागे फौजदार, फौजदारामागे तुरुंग आणि या सर्वांच्या मागे सरकार. आणि म्हणूनच, ज्या व्यवहारावर कोणत्याही एका सरकारची हुकमत चालत नाही त्या राष्ट्राराष्ट्रांमधील व्यवहारालाही कायदा आहे असे कोणी सांगू लागला, तर आपल्यातला व्यवहारी माणूस गालातल्या गालात हसतो. हे हसणे अडाणीपणाचे नव्हे. कायदा म्हणजे सार्वभौम सत्तेची आज्ञा अशी व्याख्या बांधून जॉन ऑस्टिन या इंग्रज विधिपंडिताने एकोणिसाव्या शतकातच आंतरराष्ट्रीय कायद्याला कायद्याच्या पंक्तीतून उठवून नीतिनियमांच्या पंक्तीला बसवले होते. ऑस्टिनचे खंडन करण्याच्या भरीस मी पडत नाही. हॉलंडातील हेग नगरात निकालात निघालेली दोन प्रकरणे, दोन्हीही आपल्या घरची, आपल्यापुढे मांडतो. त्यांवरून या कायद्याची धाव कोठवर आहे आणि ती कशाच्या बळावर आहे, हे ज्याचे त्याने ठरवावे.

पहिले प्रकरण विनायक दामोदर सावरकरांचे. १९१० सालच्या जुलैत, लंडनमध्ये अटक झालेल्या सावरकरांना खटल्यासाठी मुंबईस आणणारी ‘मोरिया’ आगबोट मार्सेय बंदरात थांबली असता, ८ तारखेच्या सकाळी बोटीच्या गवाक्षातून समुद्रात उडी टाकून ते धक्क्यावर पोचले. ही उडी महाराष्ट्रात पोराबाळांनाही ठाऊक असल्यामुळे मी तेथे रेंगाळत नाही. विधिदृष्ट्या महत्त्वाची आहेत ती पुढची काही मिनिटे. बंदरावर पहारा करणाऱ्या फ्रेंच सागरी पोलिसांतील एका जमादाराने त्यांना धरले आणि बोटीवरून उतरून आलेल्या तिघांच्या मदतीने पुन्हा बोटीवर नेऊन पोचते केले. परक्या देशात सापडलेला आरोपी मागून घ्यायचा तर प्रत्यार्पणाचा रीतसर अर्ज लागतो, त्याची चौकशी व्हावी लागते आणि आरोपी राजकीय असेल तर नकारही मिळू शकतो. यांपैकी काहीएक घडले नाही. दुसऱ्या दिवशी बोट सुटली आणि मग फ्रान्समध्ये गवगवा झाला. ‘ल्युमानिते’ या समाजवादी पत्रातून कार्ल मार्क्सचा नातू जाँ लाँग्वे याने प्रकरण लावून धरले, फ्रेंच सरकारने कैदी परत मागितला, आणि बरीच लिहालिही झाल्यावर ऑक्टोबरात दोन्ही सरकारांनी हा तंटा हेगच्या पंचांपुढे नेण्याचा करार केला.

पंच पाच होते. अध्यक्षस्थानी बेल्जमचे माजी पंतप्रधान बेर्नार्त होते. लुई रनो हे फ्रान्सचे, लॉर्ड डेझर्ट इंग्लंडचे, आणि उरलेल्या दोघांत एक नॉर्वेचा व एक हॉलंडचा. बेर्नार्त आणि रनो हे दोघेही शांततेच्या नोबेल पारितोषिकाचे मानकरी, म्हणजे माणसे काही लेचीपेची नव्हती. २४ फेब्रुवारी १९११ रोजी त्यांनी जो निवाडा दिला त्याचा मथितार्थ असा, की अटकेत व सुपुर्दगीत अनियमितपणा घडला हे खरे. परंतु बोटीवरील कैद्याची वर्दी फ्रेंच पोलिसांना आधीच देण्यात आली होती, इंग्रजांनी कपट वा बळजबरी केलेली नाही, आणि परकीय अंमलदाराच्या चुकीमुळे हाती आलेला कैदी परत केलाच पाहिजे असा कोणताही नियम आंतरराष्ट्रीय कायद्यात नाही. नियम नाही म्हणून बंधन नाही, आणि बंधन नाही म्हणून कैदी जेथे आहे तेथेच राहील. ज्याच्या हाती ससा तो पारधी, हे आपले सूत्र हेगच्या फ्रेंच भाषेत अधिक भारदस्त वाटले असेल, एवढाच काय तो फरक.

मात्र या निवाड्यातली खरी उणीव तर्काची नाही. ज्याच्या देहाविषयी हा वाद चालला होता तो मनुष्य या वादात पक्षकारच नव्हता. मुंबई हायकोर्टाच्या तीन न्यायमूर्तींच्या खास न्यायासनाने, आरोपी कोणत्या मार्गाने येथवर आणला गेला याने आपल्या अधिकारास बाध येत नाही असे ठरवून, पंचांचा निवाडा होण्यापूर्वीच सावरकरांना काळ्या पाण्याच्या दोन जन्मठेपा ठोठावल्या होत्या; आणि हेगमध्ये दोन साम्राज्ये परस्परांच्या प्रतिष्ठेचा हिशेब करीत होती. ज्या हिंदुस्थानचा तो नागरिक, त्याला त्या दरबारात मुखत्यार पाठविण्याचाही अधिकार नव्हता.

आता दुसरे प्रकरण, आणि मला स्वतःला अधिक मनोरंजक वाटते ते हेच. दमण समुद्रकाठी, दादरा आणि नगरहवेली आत, चहूबाजूंनी हिंदी मुलखाने वेढलेली, आणि तिन्हींवर अंमल पोर्तुगालचा. १९५४ च्या जुलै-ऑगस्टात स्वयंसेवकांच्या तुकड्यांनी (ज्यांची भावगीते आपण रेडिओवर ऐकता ते सुधीर फडकेही त्यांत होते) दादरा व नगरहवेली मोकळी केली. दमणहून तेथे पोचण्यासाठी पोर्तुगीजांनी वाट मागितली ती भारत सरकारने दिली नाही. पोर्तुगाल १९५५ च्या डिसेंबरात संयुक्त राष्ट्रसंघाचा सभासद झाला, १९ तारखेला त्याने आंतरराष्ट्रीय न्यायालयाचा अधिकार मान्य केला आणि २२ तारखेला भारतावर फिर्याद गुदरली. मान्यतेची शाई वाळण्यापूर्वीच फिर्याद! भारताने प्रारंभीच सहा हरकती घेतल्या, त्यांत या घाईविषयीचीही होती; पण १९५७ साली न्यायालयाने चार फेटाळल्या, दोन अखेरच्या सुनावणीसाठी राखून ठेवल्या आणि खटला पुढे चालू झाला.

पोर्तुगालच्या दाव्याचे मूळ कोठे होते? पुण्यात. इंग्रजांशी युद्ध चालू असता, सवाई माधवरावांच्या कारकीर्दीत, १७७९ साली पेशव्यांनी पोर्तुगीजांशी तह केला होता आणि त्याला अनुसरून १७८३ व १७८५ साली याच मुलखातील गावांच्या सनदा करून दिल्या होत्या. पोर्तुगालचे म्हणणे असे, की त्या कागदांनी गावांचे स्वामित्वच आम्हांस मिळाले. मग हेगच्या न्यायासनावर बसलेल्या तेरा देशांच्या न्यायाधीशांना, आणि दोन्ही पक्षांनी नेमलेल्या एकेका न्यायाधीशाला, सरंजाम म्हणजे काय आणि जहागीर म्हणजे काय याचा खल करावा लागला. आमच्या बाजूने नेमलेले न्यायाधीश मुंबई हायकोर्टाचे मुख्य न्यायमूर्ती राहिलेले महंमदअली करीम छागला, आणि वकिलांचे अग्रणी मुंबईच्याच बारचे मोतीलाल सेटलवाड. न्यायालयाने ठरविले ते असे: मराठे जेव्हा मुलूख कायमचा तोडून देत, तेव्हा त्यांच्या तहांत तशी स्पष्ट भाषा आढळते, येथे ती नाही. दिला तो सालिना बारा हजार रुपयांचा महसूल. बंडाळी झाल्यास पारिपत्य करण्याचा अधिकार पोर्तुगीजांना वेगळा लिहून दिला होता. मुलूखच देऊन टाकणारा असा अधिकार वेगळा लिहून देईल कशाला? नाना फडणविसांच्या काळच्या कारकुनाने जो शब्द टाकला, तो पावणेदोनशे वर्षांनी, पेशवाईचा मागमूस उरला नसताना, परक्या खंडात पुरावा म्हणून उभा राहिला.

येथवर भारताची सरशी. परंतु न्यायालय येथे थांबले नाही. पेशवाई बुडाल्यावर इंग्रजांना पोर्तुगीज त्या गावांत अंमल करीत असलेले आढळले, इंग्रजांनी ते चालू दिले, आणि पुढे सव्वाशे वर्षे पोर्तुगालची रयत, मुलकी अंमलदार आणि माल बिनहरकत येत-जात राहिला. शेजाऱ्याच्या बांधावरून आजोबांच्या काळापासून गाडी जात असेल तर मामलेदार कोणत्या बाजूने हुकूम देईल हे आपल्या खेड्यातील कुणबीही सांगेल. न्यायालयाने हीच वहिवाट दोन राष्ट्रांमध्येही हक्क निर्माण करते असे ११ विरुद्ध ४ मतांनी ठरविले. मात्र फौज, हत्यारी पोलीस व दारूगोळा यांची गोष्ट निराळी होती. त्यांना दर खेपेस परवानगी मागण्याचा रिवाज होता, आणि जेथे परवानगी मागावी लागते तेथे हक्क कसला? येथे मते ८ विरुद्ध ७ पडली. म्हणजे एका न्यायाधीशाचे मन पालटते तर निकाल फिरता. शेवटी, १९५४ साली त्या मुलखात निर्माण झालेले तंग वातावरण पाहता वाट बंद करण्यात भारताने आपले कर्तव्य मोडले नाही, असे ९ विरुद्ध ६ मतांनी सांगून १२ एप्रिल १९६० रोजी न्यायालयाने खटला निकालात काढला.

यातून मला जे दिसते ते असे. या कायद्यापाशी फौजदार नाही, पण दप्तर आहे. दोघांनी वर्षानुवर्षे काय केले, काय चालू दिले, काय लिहून दिले आणि काय लिहून देण्याचे टाळले, याची आठवण ठेवणे आणि बलवानालाही त्या आठवणीच्या भाषेत बोलावयास लावणे, ही त्याची ताकद. ती तोकडी आहे हे मी नाकारीत नाही. हेगमध्ये यश मिळविलेल्या भारतानेच वीस महिन्यांनी गोव्यात लष्कर पाठविले आणि त्या वेळी कोणा न्यायालयाची वाट पाहिली नाही. चारशेहून अधिक वर्षांची परकी सत्ता उखडताना ती पाहावयास हवी होती असे मलाही वाटत नाही, पण आंतरराष्ट्रीय कायद्याची महती गाताना ही गोष्ट झाकून ठेवणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. आणि न्यायालयाच्या घटनेतील ३४ वे कलम अजूनही असे सांगते, की तेथे पक्षकार होण्याचा अधिकार केवळ राज्यांना आहे. माणसाला नाही.

आमच्या कायद्याच्या विद्यार्थ्यांस मात्र एक विनंती करतो. पुण्याच्या पेशवे दप्तरात मोडी लिपीतील कागदांचे रुमालच्या रुमाल अजून वाचणाऱ्याची वाट पाहत आहेत, आणि सरंजाम व स्वामित्व यांतील भेद ओळखून परक्या न्यायासनापुढे तो समजावून देऊ शकणारे वकील आपल्याकडे फार थोडे आहेत. आंतरराष्ट्रीय कायद्याच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकांबरोबर मोडीही शिकून घ्या.