दिवाळीच्या डब्यात चॉकलेटचे ट्रफल

चकलीची भाजणी दळून आणली का? यंदा आपल्या गटांच्या बैठकीत एकच विचारणा होतेय: "ताई, ते चॉकलेटचे लाडू शिकवा की. लाडू-चिवडा तर सगळेच गट विकतात." म्हणून आज तोच विषय घेते.

त्या लाडवाला ट्रफल म्हणतात. फ्रान्सकडे जमिनीखाली एक महागडी आळिंबी सापडते, तिचं नाव ट्रफल. ती दिसायला ओबडधोबड, मातीत लोळवल्यासारखी. हा गोळाही कोकोच्या भुकटीत घोळला की तसाच दिसतो, म्हणून तेच नाव. तेव्हा लाडू एकदम गोल वळला नाही तरी कोणी नाव ठेवायचं नाही.

आधी दुकानात काय मागायचं ते ऐका. चॉकलेटच्या लाद्या दोन तऱ्हेच्या मिळतात. खऱ्या चॉकलेटमध्ये कोकोच्या बियांचं स्वतःचं लोणी असतं, कोको बटर. ते ३४ अंशांच्या आसपास वितळतं, म्हणून तर तोंडात ठेवलं की विरघळतं. पण आपल्याकडे ऑक्टोबरच्या उन्हात एसटीने फुलंब्रीहून संभाजीनगरला डबा नेईपर्यंत त्याचा रस्सा होतो. दुसरं कंपाउंड. त्यात कोको बटरच्या जागी दुसरं वनस्पती तेल गोठवून घातलेलं असतं. ते स्वस्त, उन्हाला थोडं जास्त टिकणारं आणि वितळवून ठेवलं की आपोआप घट्ट होणारं. चवीला खऱ्याची सर नाही, पण सुरुवात कंपाउंडनेच करा. फक्त एक पाळा: कंपाउंड वापरलं तर डब्यावर कंपाउंड असंच लिहा. गिऱ्हाईक शहरातलं असो की शेजारच्या गल्लीतलं, त्याला पाठीमागची बारीक अक्षरं वाचता येतात.

आता कृती. ४०० ग्रॅम डार्क कंपाउंड सुरीने बारीक चिरा. २०० मिली साय, म्हणजे पाकिटातलं फ्रेश क्रीम, मंद आचेवर तापवा. कडेला बारीक बुडबुडे दिसले की उतरवा, उकळी येऊ देऊ नका, नाहीतर ती फाटते. ही साय चिरलेल्या चॉकलेटवर ओता आणि दोन मिनिटं हात लावू नका. मग मधूनच ढवळायला लागा, हळूहळू कडेकडे या. चकाकी आली की चमचाभर लोणी घाला, झाकून दोन-तीन तास फ्रिजमध्ये ठेवा. नंतर साधारण १५ ग्रॅमचे गोळे वळा, ४० होतात. हाताच्या उबेने पाघळतात, म्हणून भल्या सकाळी वळा. हात गार पाण्याने धुवा आणि कोरडेठाक पुसा. शेवटी कोको पावडरमध्ये घोळवा.

कोरडेठाक का म्हणते, तर नुसतं चॉकलेट वितळवताना त्यात थेंबभर पाणी पडलं तरी सगळं गचका होऊन बसतं. पिठीसाखरेत पाण्याचा थेंब पडला की गुठळ्या होतात ना, तसंच. भांडं, चमचा, सगळं कोरडं हवं. पातेल्यात पाणी तापवून गॅस बंद करा, त्यावर स्टीलचं भांडं ठेवा. भांड्याचं बूड पाण्याला टेकू नये आणि वाफही आत जाऊ नये.

आता अडचण सांगते. या ट्रफलमध्ये साय आहे, म्हणजे ते दुधाचं वाण झालं. फ्रिजमध्ये आठवडाभर ठीक. बाहेर ठेवलं तर त्याच दिवशी संपवायचं. आपल्याकडे लाइट जाते, प्रत्येकीकडे फ्रिज नाही आणि दिवाळीत डबा चार घरं फिरतो. म्हणून सायीचे ट्रफल फक्त ऑर्डर आणि आगाऊ पैसे घेऊनच करावेत असं माझं स्पष्ट मत आहे. स्टॉलवर मांडायला ते नकोतच.

स्टॉलसाठी दुसरा प्रकार आहे, आणि खरं सांगू, मला तोच जास्त आवडतो. २०० ग्रॅम शेंगदाणे खमंग भाजून, सालं काढून, तेल सुटेपर्यंत मिक्सरमध्ये फिरवा. २५० ग्रॅम कंपाउंड वितळवून त्यात मिसळा. वरून ५० ग्रॅम कोरड्या आलेपाकाचे बारीक तुकडे घाला. आलेपाक नसेल तर छोटा चमचा सुंठपूड. अद्रक आपल्या तालुक्याचंच पीक आहे, पण ओलं किसून घालू नका, त्याला पाणी सुटतं. मिश्रण लाडवाइतपत घट्ट झालं की वळा, तीस-बत्तीस होतील. यात पाण्याचा अंश जवळजवळ नाही, म्हणून घट्ट झाकणाच्या डब्यात, गार जागी दोन आठवडे चांगले राहतात. शेंगदाणा मात्र ताजा घ्या, खवट असला तर सगळं गेलं.

आता पैशाचं, कारण आपल्या गटांचा घात इथेच होतो. समजा, सायीच्या ४० ट्रफलला माल २६० रुपयांचा लागला, आठ-आठचे पाच डबे भरले, डब्यांचे ६० आणि गॅसचे २०. झाले ३४०. एका डब्याला ६८ पडले, म्हणून आपण ८० ला विकतो आणि १२ रुपये सुटले असं समजतो. पण दोघींनी दीड-दीड तास राबून केलंय. तासाला ४० रुपये मजुरी धरली तरी १२० होतात. म्हणजे खर्च ४६०, डब्याला ९२. ८० ला विकलं तर प्रत्येक डब्यामागे १२ रुपये आपणच गिऱ्हाइकाला दिले. दुसऱ्याच्या शेतात खुरपायला गेलो तर फुकट जातो का? मग घरच्या ओट्यावरची मजुरी का सोडायची? आकडे तुमच्या बाजारभावाचे घाला, पण मजुरीचा रकाना वहीत रिकामा ठेवू नका.

भाव दरवेळी नव्याने विचारा. जगातला निम्म्याहून जास्त कोको आयव्हरी कोस्ट आणि घाना या आफ्रिकेतल्या दोन देशांतून येतो. तिथे पाऊस बिघडला, झाडांना रोग पडला आणि २०२४ मध्ये कोकोचा भाव टनाला १०,००० डॉलरच्या वर गेला. कापसाच्या भावाचं आपल्याला ठाऊक आहे, हे त्याचंच भावंडं. जाता जाता सांगते, कर्नाटकातल्या पुत्तूरला सुपारी-कोको पिकवणाऱ्या शेतकऱ्यांच्या कॅम्पको या सहकारी संस्थेचा १९८६ पासून स्वतःचा चॉकलेट कारखाना आहे. कोको पिकवणाऱ्यांनीच चॉकलेट केलं.

विकायचं तर अन्नसुरक्षेची नोंदणी लागते. छोट्या उद्योगाला साधी नोंदणी पुरते, तिचा १४ आकडी नंबर डब्यावर छापायचा. सोबत घटक, वजन, किंमत, केल्याची तारीख, कधीपर्यंत खायचं, गटाचं नाव-पत्ता आणि शाकाहारी असल्याची हिरवी खूण. शेंगदाणा आणि दूध असल्याचं ठळक लिहा, काहींना शेंगदाण्याने जिवावर बेततं.

दिवाळीला पहिल्यांदाच करत असाल तर वीस डब्यांच्या वर जाऊ नका. घरच्यांना, शाळेतल्या बाईंना चाखायला द्या, काय कमी-जास्त ते ऐका. खरा हंगाम डिसेंबरचा. थंडी पडते, गोळा हातात पाघळत नाही, आणि नाताळ व नव्या वर्षासाठी संभाजीनगरात भेटीचे डबे मागितले जातात. त्याची ऑर्डर नोव्हेंबरातच घ्यायला लागा.