अपिलात सुटला, म्हणजे ती खोटं बोलली का?

आजचा विषय लैंगिक अत्याचाराच्या खटल्यांचा आहे. घरात लहान मुलं असतील तर जरा बाजूला जाऊन ऐका. मोठ्या मुलामुलींना मात्र मुद्दाम सोबत बसवा.

बातमी येते, 'बलात्काराची शिक्षा अपिलात रद्द.' लगेच कुणीतरी म्हणतं, "बघा, बाई खोटंच बोलत होती." खरंच तसा अर्थ होतो का? त्यासाठी आधी आपल्या विदर्भातला एक खटला पाहू.

२६ मार्च १९७२. तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातलं देसाईगंज पोलीस ठाणं. आईवडील नसलेली एक आदिवासी मुलगी, वय चौदा ते सोळा. भावाच्या तक्रारीवरून जबाबासाठी तिला बोलावलेलं. रात्री बाकीच्यांना बाहेर काढलं आणि तिला थांबवून ठेवलं. पोलीस शिपायानं बलात्कार केला, हवालदारानं विनयभंग केला, अशी तिची तक्रार होती. हा खटला लोक तिच्याच नावानं ओळखतात. मी ते नाव घेणार नाही. कायद्याच्या पुस्तकात तो 'तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य' आहे.

पुरावा एकच, निकाल मात्र तीन. १९७४ मध्ये सत्र न्यायालय म्हणालं, संबंध आला, पण बलात्कार सिद्ध होत नाही. १९७६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ म्हणालं, भीतीनं गप्प राहणं म्हणजे संमती नव्हे. शिपायाला पाच वर्षं, हवालदाराला एक वर्ष शिक्षा झाली. सप्टेंबर १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं दोघांना सोडलं. अंगावर जखमा नाहीत, म्हणजे प्रतिकार केल्याचं सांगणं खरं नाही, असा तर्क होता.

कागद तेच होते, साक्षी त्याच होत्या. रात्री पोलीस ठाण्यात एकट्या सापडलेल्या पोरीनं कसं वागायला हवं होतं, याबद्दलची न्यायाधीशांची कल्पना तेवढी वेगळी होती. वर्षभरानं उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, रघुनाथ केळकर आणि वसुधा धगमवार यांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. बायका रस्त्यावर आल्या. १९८३ मध्ये कायदा बदलला. कोठडीतल्या बलात्कारात संबंध सिद्ध झाला आणि 'माझी संमती नव्हती' असं तिनं न्यायालयात सांगितलं, तर न्यायालयानं संमती नव्हती असंच धरून चालायचं.

पुढे नागपूरच्याच एका फौजदाराचा खटला आला. खालच्या न्यायालयात शिक्षा झाली, उच्च न्यायालयात तो सुटला. १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं त्याला पुन्हा दोषी ठरवलं. अत्याचार झालेली स्त्री गुन्ह्यातली साथीदार नसते, तिच्या साक्षीला जखमी साक्षीदाराइतकं वजन द्या, असं ते न्यायालय म्हणालं.

याची दुसरी बाजूही आहे. एकटीच्या साक्षीवर शिक्षा होऊ शकते, पण ती साक्ष विश्वास ठेवण्याजोगी हवी. निर्दोष माणूस तुरुंगात सडू नये, म्हणून तर अपील असतं.

आता आपल्या दाराशी येऊ. टॅलाहून लाल लुआस 'फोर कोर्ट्स' थांब्यावर जाते, ती तुम्ही रोज पाहता. आयर्लंडमध्ये बलात्काराचा खटला सेंट्रल क्रिमिनल कोर्टात, ज्यूरीपुढे चालतो. ज्यूरी कारणं देत नाही, फक्त दोषी की नाही ते सांगते. भारतात ज्यूरी नाही. न्यायाधीश कारणं लिहितात आणि उच्च न्यायालय सगळा पुरावा नव्यानं तपासू शकतं. इथलं कोर्ट ऑफ अपील तसा खटला पुन्हा चालवत नाही. तीन न्यायाधीश मुख्यतः एवढंच पाहतात: न्यायाधीशानं ज्यूरीला कायदा नीट समजावला का? नको तो पुरावा पुढे आला का? शिक्षा टिकवणं सुरक्षित आहे का? चूक गंभीर असेल तर शिक्षा रद्द होते आणि बरेचदा फेरखटल्याचा आदेश निघतो. त्यात 'ती खोटं बोलली' असं कुणी म्हटलेलं नसतं.

पूर्वी इथे तिच्या साक्षीला दुसऱ्या पुराव्याचा आधार नसेल, तर न्यायाधीशाला ज्यूरीला धोक्याची सूचना द्यावीच लागे. १९९० च्या कायद्यानं ती सक्ती काढली. त्याच कायद्यानं सांगितलं, की प्रतिकार केला नाही एवढ्यानं संमती ठरत नाही. भारतानं हेच २०१३ मध्ये कायद्यात लिहिलं. देसाईगंजच्या त्या रात्रीनंतर एक्केचाळीस वर्षांनी.

म्हणून मंडळी, पुढच्या वेळी अशी बातमी आली की मथळ्यावर थांबू नका. शिक्षा का रद्द झाली, ते वाचा. पुरावा कमी पडला, सूचना चुकली, की फेरखटला होणार आहे? आणि मग बोला. कारण आपण जेवणाच्या टेबलावर काय बोलतो, ते आपल्या मुली ऐकत असतात. उद्या काही झालं तर घरी सांगायचं की नाही, ते त्यावरूनच ठरवतात.

कुणाला गरज असेल तर डब्लिन रेप क्रायसिस सेंटरची मोफत हेल्पलाइन चोवीस तास चालू असते: १८०० ७७ ८८८८. आधी गार्डांकडे तक्रार केलेली असायलाच हवी, असं नाही.

काळजी घ्या. नमस्कार.